गार पाण्याचा लोटा

बाई, मी दाराजवळ बसणारी, मारवाड्याची मुलगी. जिच्या पाटीचा कोपरा तुटला होता ती. आमच्या गल्लीतल्या तिघीच तुमच्या शाळेत यायच्या, त्यामुळे एवढ्यावरूनही तुमच्या लक्षात यावं. जुन्नर सुटून मला चाळीसहून जास्त वर्षं झाली. तेराव्या वर्षी लग्न होऊन घोडेगावात आले, दाण्याच्या दुकानामागच्या घरात, आणि इथलीच झाले. दुपारी जेवणं उरकली की मी थोडं लिहिते. हिशेबाशिवाय या घरात लिहिणारी मीच, आणि ते तुमच्यामुळे. आज लिहायला बसले ते मात्र तुम्हाला काही विचारायचं आहे म्हणून. काय विचारायचं आहे ते मला अजून नीट कळलेलं नाही. लिहिता लिहिता कळेल असं वाटतं.

गुलालाच्या दिवसापासून सुरुवात करते. तुम्ही मला सकाळी लवकर बोलावून माझ्या उजव्या हाताला गुलाल चोळलात आणि म्हणालात, "आज रोजच्यासारखीच वाग. कुणी विचारलं तर सांगू नकोस." मी रोजच्यासारखीच वागले. मैत्रिणीची पाटी घेतली, फुगडी खेळले, दाराची कडी लावली, तहान लागल्यावर घागरीत लोटा बुडवला. दुपारी तुम्ही सगळ्यांना उभं केलंत. पाट्यांवर गुलाल, कानांवर गुलाल, एकीच्या भाकरीवर गुलाल, घागरीतलं पाणी गुलाबी. तुमच्या पांढऱ्या लुगड्याच्या पदरालाही पाच बोटं उमटली होती. सगळ्या पोरी मागं सरकल्या. विधवेच्या लुगड्यावर गुलाल! मला वाटलं, आता मार बसणार. तुम्ही पदराकडं पाहिलंत आणि हसलात. तुम्हाला तसं हसताना मी त्याआधी पाहिलं नव्हतं. म्हणालात, "हा दिसतो म्हणून तुम्ही घाबरलात. जंतू असाच हातावरून हातावर जातो, फक्त दिसत नाही." मग माझ्याकडं वळून तुम्ही खरंच रागावलात, कारण लोटा बुडवताना माझी बोटं पाण्यात गेली होती. "घागरीत हात घालायचा नाही हे मी किती वेळा सांगितलं?" गुलाल तुम्हीच लावला होता, तरी मला तुमचा राग आला नाही. तुमचं बरोबर होतं.

त्यानंतर काही दिवसांनी तुम्ही दवाखान्यातल्या डॉक्टरांकडून ते नळीचं यंत्र मागून आणलंत. आमच्या गल्लीतल्या आडाचं पाणी मीच आणलं होतं. एक डोळा मिटून मी पाहते तर एका थेंबात काहीतरी वळवळतंय. तुम्ही म्हणालात, "हे त्यातले मोठे. पटकीचे याहून कितीतरी बारीक असतात. ते या यंत्रातून मलाही धड दिसत नाहीत." मी पळत घरी गेले. वाटलं, आई ऐकून थक्क होईल. आई तेव्हा पाणी गाळत होती. तिनं हातातलं काम थांबवलं नाही. "पाण्यात जीव असतात हे कळायला यंत्र कशाला पाहिजे? म्हणून तर आपण गाळतो," ती म्हणाली. मग रोजच्यासारखं तिनं गाळणं उलटं करून त्यावर थोडं पाणी ओतलं आणि त्यात उतरलेले जीव मरू नयेत म्हणून ते पाणी हळूच आडात सोडून आली. त्या पाण्याला आमच्या जैनांत जिवाणी म्हणतात. शाळेत तुम्ही म्हणत होता, जंतू मारा. घरी आई म्हणत होती, जपून परत सोड. थेंब तोच, आड तोच. मी अकरा वर्षांची होते. दोन्हीकडं मान डोलावत होते.

त्याच साली आषाढात पटकी आली. लोक मरीआई आली म्हणत होते. कुणी शेतावर राहायला गेलं, कुणी गाव सोडून नातलगांकडं. शाळा बंद झाली आणि तुम्ही घरोघर फिरायला लागलात. कचेरीतून विहिरींत टाकायचं लाल औषध मिळत होतं. पलीकडच्या आळीतल्या विहिरीत ते टाकून झालं. आमच्या गल्लीनं नाही म्हटलं. आडातले सगळे जीव मरतील, ते पाप कोण घेणार? आणि गल्लीत ज्यांचा शब्द चाले ते माझे वडील.

तुम्ही आलात तो दिवस मला आत्ता समोर दिसतो. दोन दिवस पाऊस उघडला आहे, ऊन चटकतं आहे. तुम्ही ओसरीवर टेकता, पदरानं तोंड पुसता आणि मला म्हणता, "पाणी आण गं जरा." आत आईचा जीव फुलून येतो. तुमच्या जातीतलं कुणी आमच्या घरी पाणी प्यायलेलं तिनं पाहिलं नव्हतं. ती मला हातानं खुणावते, घासलेला लोटा घे. त्या दिवशी आईचा उपवास होता. तिच्यापुरतं उकळलेलं पाणी एका लहान तपेलीत ठेवलं होतं. मी त्याला हात लावून पाहिला. ते अजून कोमट होतं. माठातलं गार होतं. तुम्ही उन्हातून आला होता. मला तुम्हाला गार पाणी द्यायचं होतं, बाई. यापेक्षा दुसरं काही माझ्या मनात नव्हतं. मी माठातलं भरलं, आणि या वेळी बोटं बुडू दिली नाहीत.

लोटा हातात घेऊन तुम्ही विचारलंत, "उकळलेलं ना?"

मी म्हटलं, "हो, बाई."

तुम्ही सगळा लोटा प्यायलात.

मग वडील येऊन बसले. तुम्ही लाल औषधाची पुडी त्यांच्यासमोर ठेवलीत. त्यांनी तिला हात लावला नाही. वडील कधी आवाज चढवून बोलत नसत. ते म्हणाले, "बाई, एक विचारू? तुमच्या त्या जंतूंना जीव असतो का?"

"असतो," तुम्ही म्हणालात.

"मग तो आम्ही आपल्या हातानं घ्यायचा?"

वर्गात तुम्हाला प्रश्न विचारला आणि उत्तर आलं नाही असं कधी झालं नव्हतं. त्या दिवशी म्हणालात, "शेटजी, याचं उत्तर मला येत नाही. आमच्या ट्रेनिंग कॉलेजात ते कुणी शिकवलं नाही. काल पलीकडच्या आळीत पाच वर्षांचं पोर माझ्या मांडीवर गेलं. मला एवढंच ठाऊक आहे."

तेव्हा दाराआडून आई बोलली. वडिलांसमोर परक्या माणसाशी ती कधी बोलत नसे. म्हणाली, "औषधाचं मी काही सांगू शकत नाही. पण चौमासा आहे. उपवासाला मी माझ्यापुरतं पक्कं पाणी करते, उकळून. बाकीचे साधं गाळलेलं पितात. चौमासाभर सगळ्यांनीच पक्कं प्यायचं ठरवलं तर ते धर्मातच बसतं."

तुमचा चेहरा उजळला. आणि मग तुम्ही माझ्याकडं पाहिलंत. नंतर बाजूला ठेवलेल्या रिकाम्या लोट्याकडं. पुन्हा माझ्याकडं. मला वाटलं, आता तुम्ही बोलणार. तुम्ही आईला म्हणालात, "उद्याची वाट बघू नका. आजच सगळ्यांसाठी चुलीवर ठेवा." आणि पुडी तिथंच ठेवून उठलात. जाताना माझ्या डोक्यावर हात ठेवलात की नाही, ते मला नक्की आठवत नाही. कधी वाटतं ठेवलात, कधी वाटतं ते मी मागाहून मनानं जोडलं आहे.

त्या संध्याकाळपासून आमच्या घरी पाणी उकळायला लागलं, दोन दिवसांत गल्लीतल्या बऱ्याच घरांत. तिसऱ्या दिवशी शाळा झाडणारी मावशी रस्त्यात भेटली. मी विचारलं, "बाई दिसल्या नाहीत?" ती म्हणाली, "तुला न्हाई कळलं व्हय पोरी? बाई गेल्या. काल सकाळी जुलाब लागलं, दिवस मावळता मावळता सपलं समदं. शेवटपत्तुर सांगत व्हत्या, हात धू, हात धू. मी धुतलं गं. लई धुतलं."

घरी येऊन मी सांगितलं. वडील उठले, पुडी घेतली आणि एकटेच आडावर गेले. मी मागं मागं गेले. त्यांनी डोळे मिटून, हात जोडून काहीतरी पुटपुटलं आणि पुडी आडात मोकळी केली. पाणी जांभळं झालं. ते बराच वेळ वाकून बघत उभे होते. मग घरी येऊन त्यांनी तीन दिवसांच्या उपवासाचा नेम घेतला. पाण्यातल्या जिवांसाठी घेतला की तुमच्यासाठी, हे त्यांनी कुणालाच सांगितलं नाही आणि त्यांना विचारायची हिंमत आईलाही झाली नाही. मीही त्यांच्याबरोबर उपवास केला. एवढ्याशा पोरीनं तीन दिवस अन्न सोडलं म्हणून गल्लीतल्या बायका माझ्या पाया पडायला आल्या. मी भिंतीकडं तोंड करून बसले. त्यांना वाटलं, ध्यान लावलं आहे.

आमच्या घरात पटकीनं कुणी गेलं नाही. गल्लीतही नाही. गावात मात्र काही लोक म्हणायला लागले की जंतू जंतू करणारी बाईच जंतूंनी गेली, मग उकळून काय उपयोग? हे ऐकलं की मला ओरडून सांगावंसं वाटायचं की ज्या पाण्यानं त्या गेल्या ते उकळलेलं नव्हतंच. पण मग मला सांगावं लागलं असतं, ते पाणी कुणी दिलं.

आणि खरंच त्याच पाण्यानं गेलात का, बाई? इथंच माझं डोकं चालेनासं होतं. तेच माठातलं पाणी त्या दुपारपर्यंत आम्ही सहा जण पीत होतो. आमच्यातलं कुणी आजारी पडलं नाही. तुम्ही त्या आठवड्यात किती घरांत बसलात, किती पोरांची तोंडं त्याच पदरानं पुसलीत. इथं घोडेगावात एकदा डॉक्टरांना मी दुसऱ्याच कुणाची गोष्ट म्हणून हे सांगितलं. ते म्हणाले, "कुठून लागण झाली हे कसं सांगणार? कुठूनही." मी हायसं वाटून घरी आले आणि जेवायला बसल्यावर पान तसंच सोडून उठले. तुम्हाला कळलं होतं ना? लोट्याकडं पाहिलंत तेव्हा? कळलं होतं तर रागावला का नाहीत? बोटं बुडवली म्हणून भर वर्गात रागावला होता. आईसमोर मला उघडं पाडायचं नव्हतं म्हणून? की तुम्हाला काहीच कळलं नव्हतं, तुम्ही फक्त दमला होता आणि तुमची नजर कुठंतरी टेकली होती? मी दोन्ही मानून पाहिलं आहे. यातलं एकही फार दिवस टिकत नाही.

तळेघरकडच्या बायका तांदूळ-नाचणी घेऊन चालत खाली येतात, त्यांना मी ओसरीवर बसवते आणि पाणी उकळायला सांगते. त्यांच्या पोरांना राखेनं हात धुवायला लावते. एकदा गुलालाचा खेळही करून दाखवला. एक म्हातारी म्हणाली, "जे दिसत न्हाई त्याला भ्यायाचं कशापायी, बाई? आमी ओढ्याचं पाणी पिऊनच वाढलो की." मी तुमच्यासारखं उत्तर दिलं. माझ्या तोंडून तुमचंच वाक्य आलं. ती म्हणाली, "तुमी म्हंता तर करू." ती उठून गेल्यावर माझ्या मनात आलं, हिला मी खरं सांगितलं, पण कुठल्या तोंडानं?

मी अजून आधी पाणी गाळते, जिवाणी विहिरीत सोडते आणि मग गाळलेलं पाणी चुलीवर चढवते. सून विचारते, उकळायचंच आहे तर गाळता कशाला? मला तिला सांगता येत नाही. काही जीव मी वाचवते आणि काही मारते, आणि त्यातले कोणते कोणते हे मला दिसत नाही.

हे पत्र मी पेटीत ठेवीन, किंवा चुलीत घालीन. तुमचं माहेर कुठं होतं, मागं कुणी उरलं का, हे मी कधी विचारलंच नाही. बाहेर आता शाळा सुटल्याचा गलका ऐकू येतो आहे, म्हणून आवरतं घेते. एक सांगायचं राहिलं. माझी नात सध्या आरोग्याचा धडा पाठ करते आहे. काल मी तिला तुमच्याबद्दल सांगत होते, तेव्हा तिनं मध्येच विचारलं, "आजी, तुझ्या बाई कशानं गेल्या?" मी म्हटलं, "म्हातारपणानं." तुम्ही तेव्हा तिशीच्याही नव्हता.