दोन चंद्रांच्या दिनदर्शिकेची निरवानिरव

मी, कल्याण बन्सी हासे, वय वर्षे बावीस, धंदा सध्या काही नाही, राहणार राजूर, तालुका अकोले, जिल्हा अहिल्यानगर, कोणाच्याही दाबाखाली न येता आणि सकाळचा चहा घेऊन हे मृत्युपत्र लिहून ठेवतो. डोकं तापलेलं आहे, पण ठिकाणावर आहे. आजार कसलाही नाही. मात्र उद्या नाना, म्हणजे माझे वडील, मला शिर्डीला मावसभावाच्या हॉटेलात काउंटरवर उभं करणार आहेत. सबब मला गेलेलाच धरावा.

कलम १. माझी स्वकष्टार्जित मिळकत एकच : सावळदेशाची दिनदर्शिका. सावळदेश नकाशात सापडणार नाही. मी आणि आरती, म्हणजे पेठेतल्या मेडिकलवाल्या काकासाहेबांची मुलगी, आम्ही तो अकरावीत असताना एसटीची वाट बघता बघता रचला. तिथं सूर्य नाही, दोन चंद्र आहेत. थोरला वेळेवर उगवतो. धाकली मनात येईल तेव्हा. (हा स्वभाव कुणावरून घेतला, ते आरतीनं विचारू नये.) पहिलवाफ, खारवारा, मधझड असे महिने आहेत. सोमवार नाही. इंजिनिअरिंग मी दुसऱ्या वर्षाला सोडलं ते या कामासाठी. नापास झालो म्हणून सोडलं, असं गावभर सांगणाऱ्यांना या दस्तान्वये मधझड महिन्यातून हद्दपार करण्यात येत आहे.

वर्ष सरताना दोन्ही चंद्र एकदम मावळतात. त्या अंधाऱ्या दिवसाला कुठल्याच महिन्यात जागा नाही. तो बिनमोजीचा दिवस. त्या दिवशी दिलेला शब्द, केलेला सौदा, घेतलेली शपथ, काहीच धरलं जात नाही. हा नियम आरतीचा. तेव्हा मीच ‘झकास’ म्हणालो होतो, हे कबूल.

कलम २. गोठ्यात टांगलेलं कालचक्र. सायकलच्या दोन रिंगा एकात एक बसवून केलेलं. रोज सकाळी बाहेरची रिंग एक घर पुढं सरकवायची, म्हणजे सावळदेशाची तारीख कळते. हे नानांना. अट एकच, त्यावर टॉवेल वाळत घालू नये. सव्वा महिन्यापूर्वी त्यांनी ओला टॉवेल टाकला, वजनानं रिंग एक घर जास्त फिरली, आणि मला वाटलं, नवं वर्ष लागलं. पहिलवाफची पहिली! एवढा चांगला मुहूर्त म्हणून मी मेडिकलवर गेलो, खोकल्याचं औषध मागितलं आणि आरतीला मनातलं सगळं सांगून टाकलं.

तिनं बाटली पिशवीत घातली. कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेल्या तिच्या सावळदेशी तारखांच्या कागदावर बोट फिरवलं आणि म्हणाली, “कल्याणराव, आज बिनमोजीचा दिवस. आजचं बोललेलं धरत नाहीत. औषध दोन वेळा, जेवल्यावर.”

घरी येऊन नानांना जाब विचारला.

“आरं, टावेल वाळत न्हाई घालायचा, तर काय तुझ्या चंद्रावर घालू?”

“नाना, माझं आयुष्य एक घर सरकलं!”

“मंग सरकव मागं. हाताला मेंदी लावलीय व्हय?”

दुसऱ्या दिवशी जाऊन तेच पुन्हा सांगता आलं असतं. पण मला राग आला होता, आणि माझा राग महिनाभर टिकतो. तेवढ्यात नानांनी शिर्डी ठरवली.

कलम ३. मोटारसायकल माझा मित्र रंगनाथ, मोबाईल दुरुस्तीवाला, याला. तिसऱ्या किकला चालू होते. माझ्या मोबाईलची काच बदलताना त्यानं आरतीचे मेसेज वाचून भर दुकानात मोठ्यानं ‘वाहवा’ म्हटलं होतं. ते माफ केलेलं नाही, तरी गाडी त्यालाच.

कलम ४. दिनदर्शिकेचे सर्व हक्क आरतीला. तिनं महिन्यांची नावं बदलावीत, बिनमोजीचा दिवस ठेवावा नाहीतर काढून टाकावा. फक्त धाकलीला वेळेवर उगवायला लावू नये. मला ती तशीच बघायची सवय आहे.

कलम ५. आज सावळदेशात खारवाऱ्याची सातवी. रंगनाथला पाठवून तारीख आरतीच्या कागदाशी ताडून घेतली आहे. दिवस रीतसर मोजणीतला आहे. म्हणून आज पुन्हा लिहून देतो : आरती, मला तू आवडतेस. मला तुझ्याशी लग्न करायचं आहे. हो असेल तर हो म्हण, नाही असेल तर नाही म्हण, पण उद्याच्या गाडीच्या आत म्हण. शिर्डीला काउंटरवर उभं राहून दिवसभर हाच विचार करत बसलो, तर लोकांना चुकीच्या खोल्यांच्या किल्ल्या जातील.

हे वाचून रंगनाथ म्हणाला, “येड्या, मृत्युपत्र मानूस मेल्यावर लागू हुतं. तवर तिनं काय थांबायचं व्हय?”

सबब कलम ५ माझ्या हयातीतच, आजपासून लागू समजावं.

“आन् जिला वाटणी द्यायची, तिची सही साक्षीला घेऊ नको. वाटणी बाद हुती म्हनत्यात.” त्याचा चुलता तहसीलसमोर दस्त लिहायला बसतो, म्हणून ऐकलं. दुसऱ्या साक्षीदाराची जागा मोकळी सोडून हा कागद रंगनाथकडं देत आहे. त्यानं तो आरतीला वाचायला द्यावा आणि सही दुसऱ्या कुणाची तरी आणावी.

वरील मजकूर माझ्या हातचा असून मला मान्य आहे.

ठिकाण : राजूर. तारीख : खारवारा ७, म्हणजे आपल्याकडची १४ जून २०२५.

(सही) कल्याण बन्सी हासे

साक्षीदार १ : (सही) रंगनाथ. गाडीची टाकी भरून द्यावी.

साक्षीदार २ : (सही) आरती काकासाहेब. सही मुद्दाम मीच केली आहे. वाटणी बाद होत असेल तर होऊ दे, मला दिनदर्शिका एकटीला नको आहे. आईला मी सांगितलंय. पप्पांना तू सांगायचंस. पहिल्या सुट्टीला घरी ये, आणि शर्ट इस्त्रीचा घाल.