मुदत कोणी वाढवायची

लंडन

चि. सौ. वृंदास अनेक आशीर्वाद, आणि त्याहून अधिक आभार.

मी बरी आहे. तू मांडवीच्या घरी आईला सांभाळतेस म्हणूनच मी लेकाकडे, समीहनकडे, येऊ शकले.

काल समीहन मला न विचारता माझं परतीचं तिकीट दोन महिने पुढे ढकलायला निघाला. "आजीला मामी बघतेय ना?" मग त्याला कॉन्व्हेंटात सिस्टरनी घोकून घेतलेला इतिहास ऐकवला. इथल्या पार्लमेंटची मुदत कायद्याने तीन वर्षं होती. आधीच निवडून आलेल्यांनी १७१६ साली, मतदारांना न विचारता, ती सात केली आणि बसून राहिले. आपल्याकडेही आणीबाणीत लोकसभेची मुदत पाचाची सहा वर्षं झालीच होती. "मुदत ज्याने दिली त्याला विचार, मेल्या."

मला तीन महिने तू दिलेस. तुझी कंबर कशी आहे? आईला एकटीच उचलतेस का? फोनवर तू भिडेने "राहा" म्हणशील, म्हणून पत्र लिहिते. खरं लिही.

तोवर जुनं तिकीट तसंच आहे, आणि बॅग भरलेली आहे.

तुझ्या ऋणातली तोंडाळ नणंद,
मंदाकिनी