जवळ्याचं गिऱ्हाईक

तारापूर, २ मे १९८३

ती. जमनाताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझ्यासारखी आतेबहीण सासरी दातिवऱ्याला गेली आणि मनातलं सांगायला मला कोणी उरलं नाही. अकरावीची परीक्षा झाली. आता दर रविवारी आईबरोबर सुकी मासळी विकायला बोईसरच्या कामगारांच्या चाळीत जाते. तिथे भगवंत म्हणून एक मुलगा आहे. साताऱ्याकडचा, कारखान्यात शिकाऊ. दर खेपेला मापभर जवळा घेतो. बोलतो आईशी आणि बघतो माझ्याकडे. ताई, मला तो फार आवडतो! शनिवारपासूनच घास उतरत नाही.

पण एकटा माणूस एवढा जवळा खाईल कसा? गावाहून बायको आणली असेल तर? बावीस तारखेला आमची शेवटची फेरी, मग पावसाळा, दसऱ्यापर्यंत जाणं नाही. त्याआधी मला कळायलाच हवं.

भाऊजींना नमस्कार. लोभ आहेच, पत्रही लवकर येऊ दे.

तुझी नलू

दातिवरे, ९ मे १९८३

चि. नलूस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र सासूबाईंच्या हाती पडता पडता वाचलं! जेवण सोडू नकोस, सुक्या बोंबलासारखी दिसशील. बायको आहे का, असं तोंडावर विचारलंस तर मामी तुला तिथूनच घरी पिटाळेल. त्यापेक्षा जवळा कसा रांधतोस, एवढंच विचार. घरात रांधणारी असेल तर तिचं नाव निघेलच.

मामीला नमस्कार. माया अशीच ठेव, आणि काय झालं ते लगेच लिही.

तुझी जमना

तारापूर, २२ मे १९८३

ती. जमनाताईस,
शि. सा. न. वि. वि.

विचारलं! टोपली घट्ट धरून विचारलं. तो म्हणाला की मटकीसारखा रात्रभर भिजवतो, मोड आले की परततो. ताई, जवळ्याला मोड! आई हसता हसता खालीच बसली. त्यानं लाजून मान खाली घातली, तशी सदऱ्यातून तुळशीची माळ बाहेर आली. त्यांच्या घरात मासळीला कोणी शिवतही नाही. सगळा जवळा तो शेजारच्या रंभाबाईंना देत होता. बायकोबियको काही नाही. नलू येते म्हणून घेतो, असं त्यानं आईसमोरच सांगून टाकलं. मी उगाचच टोपली आवरायला लागले.

आईनं भरलेलं माप टोपलीत परत ओतलं. म्हणाली की तुला आता माल देनार नाय, पोरीची बारावी होऊं दे, मंग आयबापाला घेऊन ये, मी डाळभात रांधीन.

येताना एसटीत ती खिडकीबाहेरच बघत होती. मला वाटलं, आता घरी गेल्यावर माझी धडगत नाही. उतरल्यावर टोपली डोक्यावर घेता घेता तिनं हळूच विचारलं की माळकरी लोक डाळीत काय घालतात गं?

तुला ठाऊक असेल तर उलट टपाली कळव. आनंदात आहे, तुझा लोभ असाच मिळत राहो.

तुझी नलू