एकाच कागदावरचा हात

न्यूयॉर्क, १ मार्च १९१५

नोकरी लागली! टेनब्रुकसाहेबांच्या स्टुडिओत चित्रं हलवून केलेल्या चित्रपटांसाठी चित्रं गिरवायची. बोटं शाईने काळी झाली, पण टोप्यांच्या कारखान्यात सुया टोचून घेण्यापेक्षा हे कितीतरी बरं. खिडकीशी मिस ऑर्डवे बसतात, पूर्वी त्याच इथे चित्रं काढायच्या. मी गुड मॉर्निंग म्हटलं, तर नुसत्या पापण्या मिटल्या. भारीच शिष्ट बाई!

४ मार्च

नवा प्रयोग. साहेबांनी कॅमेऱ्यासमोर मला कमरेवर हात ठेवून उभं केलं, दुसरा हात हलवायला लावला. आता त्या फिल्मची एकेक चौकट काचेवर उमटते आणि मी तिच्यावर कागद ठेवून स्वतःलाच गिरवते. कागदावरची मुलगी म्हणजे हुबेहूब मी. आईला दाखवायला नेणार आहे.

८ मार्च

कमरेवरचा डावा हात शंभर वेळा कोण गिरवणार? मी तो एकाच कागदावर काढला आणि तोच खालून दिसावा म्हणून वरच्या सगळ्या कागदांना तेवढं भोक कापलं. साहेब बेहद्द खूश. म्हणाले, लुएला, आळशी माणसंच हा धंदा पुढे नेणार बघ! लगेच चित्रं एकेक करून टिपायला कॅमेऱ्याखाली घातली.

१० मार्च

डावा हात कमरेवरून सुटत नाही. आईने ओढून पाहिला. डॉक्टर लकवा म्हणतात. मला भीती वाटते, कारण तो मी काढला तस्साच आहे, अंगठा मागे.

११ मार्च

डावा हात हलता करून पुन्हा काढून दिला. साहेबांनी बघितलाही नाही. माझी युक्ती त्यांना फार आवडलीय. आज मला लिहायला बसवून नवं दृश्य टिपलं. पाय एकाच कागदावर काढणार म्हणे, बसलेल्या मुलीला पाय कशाला हलवायचेत!

१२ मार्च, सकाळ

खुर्चीतून उठता येत नाही. मिस ऑर्डवे समोरच. तीनदा पापण्या मिटतात. थांबतात. पुन्हा तीनदा. साहेबांनी पापण्यांची चारच चित्रं काढली असणार, तीच फिरवून फिरवून— त्या शिष्ट नव्हत्या.

दुपार

मान गेली. ओठही. आईला बोलवा म्हणून लिहून दिलं. उजवा हात तरी हलता ठेवा म्हणून लिहिलं. साहेब हसले. म्हणाले, ठेवतो की पोरी, रडतेस काय. चार चित्रं पुरतील.

कॅमेरा सुरू केला—

आई, मला घरी ने. आई, मला घरी ने. आई, मला घरी ने. आई, मला घरी ने. आई, मला