थोरुमची ओंजळ

ओलमास, ३

धरणाचा कारभारी देवेक आज पुस्तक ठेवून गेला. त्याच्यासारख्या हाडाच्या माणसांनी लिहिलेलं – जगातल्या सगळ्या जातींची यादी. आम्ही कुठे? बुरशीच्या नंतर, गोगलगाईच्या आधी! ‘ओली जात. आकार नाही, स्मरण नाही. उपयोग – धरणाच्या भेगा बुजवणे.’

स्मरण नाही म्हणे! मग हे वाचणारी मी कोण? भिंतीवर कोरलेल्या अक्षरांत शिरून शिरून वाचायला शिकले मी. एकेक खाच अंगानं भरून पाहिली. कुणी शिकवलं नाही. थोरुम तेवढा विचारायचा, ‘आज किती अक्षरं गिळलीस?’

आणि थोरुम माझ्यात आहे. तो गेला त्या दिवशी त्याच्या ओल्या अंगाची शेवटची ओंजळ मी माझ्या अंगात घेतली, बायकोनं घ्यायची असते तशी. तीन वर्षं झाली. पूर्वी मला शेवाळाची लापशी आवडत नसे. आता आवडते. हे काही त्यांच्या यादीत नाही.

ओलमास, ५

आज काही नाही. लापशी केली. दोघांपुरती झाली, नेहमीसारखी.

ओलमास, ८

धरणाची भिंत पाझरते आहे. मधली जुनी भेग, थोरुम गेल्यापासून पहिल्यांदाच. डोंगरावरचं पाणी आठवड्यात उतरेल.

थोरुमची थोरली बहीण – माझ्या वन्सं – त्याच्यानंतर भेगदार झाल्या, भेगेत शिरून ती धरणाऱ्या. देवेकचा नकाशा पाहून आत गेल्या आणि अर्ध्या वाटेतून परत आल्या. चिडून लाल!

‘आत सात फाटे आहेत, आणि तुझ्या नकाशात एक!’

‘बाई, जरा नीट शोधा,’ देवेक म्हणाला.

‘तूच शोध की. घाल बोट!’

सगळे हसले. मग कुणीच हसलं नाही. भिंतीखाली पिल्लांची तळी आहेत. सगळ्या वस्तीची पिल्लं. अजून सरपटताही येत नाही त्यांना.

खरी वाट एकट्या थोरुमला ठाऊक होती. चाळीस वर्षं त्यानं ती भेग धरली, तळ्यात वरचा एक थेंब जाऊ दिला नाही. लिहिताना अभिमानानं फुगले आहे मी – पानाचा कोपरा भिजला.

ओलमास, ९

वन्संना वाट सांगायला बसले.

‘आधी गारवा. मग गंजाची चव. मग –’

‘मग काय?’

‘मग तो हसतो.’

‘अगं इल्मे, मला वाट हवीय, तुझा नवरा नको!’ म्हणाल्या खऱ्या, पण त्यांचा भाऊच होता तो.

नाही सांगता येत. ती वाट भेगदाराच्या अंगाला कळते, मला नुसती चव लागते. आणि मी ही अशी जाडी! सुईएवढ्या फटीत मी कुठून जाणार?

ओलमास, १०

ओंजळ काढून दुसऱ्याला देता येते, तिच्यातलं स्मरणही मग त्याचं होतं. पण विधवेकडे ती कुणी मागत नाही. मागणाऱ्याच्या वाटेत मीठ पडो, म्हणतात. वन्संनीही मागितली नाही. मीच म्हणाले, घ्या.

उसळल्या! ‘वेड लागलंय? पहिल्या वर्षात निघाली असती वेगळी. आता मिसळली ती. ओढली की त्याच्याबरोबरचं तुझंही सगळं जाईल. लग्न, भांडणं, त्याचं नावसुद्धा.’

‘माहीत आहे.’

‘मग कुणासाठी एवढं? तळ्यात तुझं एकही पिल्लू नाही!’

हे त्यांनी बोलायला नको होतं. बोलल्यावर त्यांनाही कळलं. संध्याकाळी लापशीचं भांडं घेऊन दारात उभ्या.

‘पातळ झालीय,’ मी म्हणाले.

‘गिळ मुकाट्यानं.’

शेजारी बसून राहिल्या. उठताना म्हणाल्या, ‘घेईन मी. नीट सांभाळीन त्याला.’

ओलमास, १२

आज दुपारी द्यायची.

सकाळी वाटलं, त्याच्याबद्दल सगळं इथे लिहून ठेवावं – हसायचा कसा, घोरायचा कसा. दोन ओळी लिहिल्या आणि खोडल्या. वाचून कळलेला थोरुम मला नको. होता तो पुरेपूर होता. आता भेगेत परत जातोय, आपल्या कामावर. त्याला आवडेल ते. बायकोचंही कौतुक वाटेल!

भीती वाटते का? वाटते. रिकामं वाटेल का, ते तरी तेव्हा कळेल का? कोण जाणे.

देवेकचं पुस्तक परत केलं. त्याआधी ‘स्मरण नाही’ यावर रेघ मारली आणि शेजारी लिहिलं – ‘आहे. आणि ते देताही येतं.’ त्याला राग आला तर येऊ दे.

वन्सं आल्या.

ओलमास, १५

भिंत कोरडी आहे. पाणी वरच थांबलं, पिल्लं सुखरूप. पायरीवर बायकांनी बाजूला होऊन मला वाट दिली. का ते कळेना.

मागची पानं वाचून काढली. अक्षर माझंच आहे. थोरुम कोण, ते आठवत नाही. पण त्याची बायको मोठी धीराची दिसते.