एका जात्यावरच्या दोघी

वसमत, ४ फेब्रु. १९३९
म्हैसूरपासून गाणी टिपत निघालो त्याला आठवा महिना. आता उत्साह असा उरला नाही. आवाज टिपणारा सदाशिव तापानं फणफणला, काल पुण्याला रवाना. त्याचं यंत्र दुसऱ्याला चालवता येत नाही, तेही गेलं. माझ्याकडे फक्त हँडलनं चालणारा सिनेमाचा मुका कॅमेरा. परत जावं का...

कुरुंदा, ७ फेब्रु.
पहाटे गंगाबाईंच्या ओसरीवर जातं. समोर शेजारीण हमीदाबी, रंगाऱ्याची विधवा. एकाच खुंट्याला दोघींचे हात. गंगाबाई माहेरच्या भावावर ओवी म्हणतात, हमीदाबी दखनीत मक्केच्या वाटेवर. भाषा दोन, चाल एकच! तीस वर्षं अशाच दळतात म्हणे. असं कुठंच ऐकलं नव्हतं. पण शेतातल्या हळदीचं काम उरकलं की हमीदाबींचा मुलगा त्यांना हैद्राबादला नेणार. कायमचं.

८ फेब्रु.
चित्र घेऊ का, विचारलं. गंगाबाई तयार. हमीदाबींनी पदर पुढं ओढला.
"सूरत नको, भाऊ. आवाज न्या की, लागंल तेवढा."
या पेटीला ऐकू येत नाही, हे सांगताना लाज वाटली. त्यांनी वाकून पेटी न्याहाळली. मग म्हणाल्या, "तर मग तुमी काहून आले एवढ्या दूर?"
पेटी बंद करून ठेवली. अंग दुखतंय.

११ फेब्रु.
सदाशिवला तार केली होती. उत्तर आलं: महिनाभर उठणं नाही. दिवसभर शब्द उतरवून घेतले, एकोणीस ओव्या. चाल कशी लिहायची? मला स्वरलिपी येत नाही.

१३ फेब्रु.
तोड गंगाबाईंनी काढली. "चित्रात हात घ्या की तिचे. समोर बसून मी बी हातच पाहून राहिले एवढी वर्षं."
हमीदाबी कबूल. उन्हं ओसरीवर आल्यावर दोघींचे हळदीनं पिवळे हात घेतले. कॅमेऱ्याच्या खडखडाटावर दोघी मोठ्यानं गायल्या. फिल्म संपली तरी मी हँडल फिरवत राहिलो, त्या थांबू नयेत म्हणून.

१६ फेब्रु.
आज हमीदाबी गेल्या. मुलाचा पत्ता घेऊन ठेवलाय. गंगाबाईंना विचारलं, सदाशिव बरा झाल्यावर यंत्र घेऊन हैद्राबादला गेलो, तर याल का? घरच्यांना मी विचारीन.  त्या सुपात दाणे पाखडत राहिल्या. मी सामान बांधायला उठलो तेव्हा म्हणाल्या, "तिच्या पोराच्या घरी जातं असंल का वो?"