विहिरीतला दुसरा टेक

उस्ताद,

सकाळी वडवणीहून गाडीनं इथं आले. युसूफ वडगावच्या शिवारात शूटिंग आहे. सिनेमाचं संगीत माझं, गाणी कधीच होऊन गेली, म्हणजे इथं माझं काही काम नव्हतं. पण मी चाल गाऊन दाखवत होते तेव्हा दिग्दर्शकानं माझ्या तोंडाकडं पाहिलं आणि म्हणाला, "ताई, यातल्या आईचं काम तुम्हीच करा." ही आई लेकराला शोधत पेटत्या गोठ्यात शिरते. काल नुसता धूर केला होता. मी आत जाऊन ओरडले आणि तेव्हापासून घसा धरलाय, वरचा सा लागतच नाही. सकाळपासून तीनदा लावून बघितला. आज आग खरी लावणार आहेत. समोर कडब्याच्या पेंढ्या रचतायत, आणि मला राहून राहून तुमची ती विहीर दिसते आहे.

बीडच्या तुमच्या दुकानात मी शिकायला नेकनूरच्या बसनं यायचे. बाजाच्या पेट्या दुरुस्त करता करता तुम्ही सिनेमाच्या चाली बांधायचात. भाता खोललेला, मांडीवर पेटीच्या पितळी सुरांच्या पट्ट्या उघड्या पडलेल्या, आणि तोंडानं नवा मुखडा चालू. त्या चाली मुंबईला जायच्या, ध्वनिमुद्रित व्हायच्या, लग्नाच्या बँडवर वाजायच्या. बागवान गल्लीत कुणी त्या गुणगुणत गेलं की तुम्ही हातातलं काम थांबवून ऐकायचात आणि मला म्हणायचात, "बघ, वळकलं बी न्हाई मला. ह्येच बेस हाय."

मग तो विहिरीचा सिनेमा आला. विहिरीत बुडणाऱ्या म्हाताऱ्याचं काम करणारा नट ऐन वेळी आला नाही. त्या सिनेमाचा दिग्दर्शक तुम्हाला बाजूला घेऊन म्हणाला, उस्ताद, एवढा एकच शॉट. नाहीतर सगळा प्रसंग जाईल, आणि त्याच्यामागचं तुमचं गाणंही. तुम्हाला पोहता येत नव्हतं. सदऱ्याखाली कमरेला दोर बांधला, वर चार माणसं धरून उभी. तुम्ही पाण्यात उतरलात आणि दोर सैल पडला. तुमचं तोंड पाण्याखाली गेलं, वर आलं, पुन्हा गेलं. मी काठावरून ओरडत होते आणि लोकांना वाटत होतं की तेही सिनेमातलंच आहे. वर ओढलं तेव्हा तुम्ही पालथे पडून पाणी ओकत होतात. दिग्दर्शक म्हणाला, "चेहरा फ्रेमच्या बाहेर गेला. परत घेऊ." मी तुमचं मनगट धरलं. "उस्ताद, न्हाई. आता न्हाई जायचं." तुम्ही हात सोडवून घेतलात. "तू गान्याचं बघ, पोरी. मला शिकवू नको." आणि कुणी आधार द्यायच्या आत स्वतःच पायऱ्या उतरायला लागलात.

तो दुसरा टेक सगळ्या महाराष्ट्रानं पाहिला. त्यानंतर मुंबईहून निरोप यायचे ते घाबरलेल्या म्हाताऱ्याच्या कामासाठीच. कुठं तुमच्या अंगावर बैल सोडले, कुठं तुम्हाला संदुकीत बंद केलं. चाल मागायला कुणी आलं नाही. एकदा दुकानासमोरचा फळवाला म्हणाला, "चाचा, ते विहिरीतलं तोंड करा की." तुम्ही केलंत. सगळी गल्ली हसली. मी जवळ बसले होते. मला घामानं डबडबलेली तुमची मान दिसत होती. तुम्ही न्हाणीघराचं दार लावून घेणं सोडलं होतं, हे चाचींनी मला नंतर सांगितलं. शेवटच्या वर्षात तुम्ही पेटीसमोर बसायचात, भाता हलायचा आणि बोटं पट्ट्यांवर नुसती ठेवलेली असायची. मी विचारलं, "कावून थांबलात?" तुम्ही म्हणालात, "येतच न्हाई काही. आत नुसता दम लागल्यासारखा आवाज हाय." त्या वेळी मला जेवढी भीती वाटली तेवढी आजच्या आगीची नाही वाटत. तुम्ही गेलात तेव्हाही लोक हळहळले ते विहिरीतल्या म्हाताऱ्यासाठी.

इतकी वर्षं मी सगळ्यांना सांगत आले, की उस्ताद दुसऱ्यांदा पाण्यात उतरले ते गाणं वाचवायला. मुलाखतींतही हेच सांगितलं.

मघाशी दिग्दर्शकाकडं गेले होते. म्हटलं, घसा गेलाय, गाणाऱ्या माणसाला हे परवडायचं नाही, दुसरी कुणी बघा. तो शांतपणे म्हणाला, "ताई, तुमची इच्छा. नाही म्हणा, मी आत्ता दुसरी उभी करतो." गाडी तयार होती. ड्रायव्हरनं दार उघडून धरलं होतं. मी तिथून परत तंबूत आले आणि त्या आईचं लुगडं नेसून बसले. बाहेर रॉकेलचा वास सुटलाय. मला हाका मारतायत.

काल मी धुरातून खोकत बाहेर आले तेव्हा सगळं युनिट टाळ्या वाजवत होतं. आजवर कुठलीही चाल सुचली तेव्हा इतकं बरं वाटलं नव्हतं मला. तुम्ही दुसऱ्यांदा पाण्यात उतरलात ते खरंच गाण्यासाठी का, हे आता मला सांगता येणार नाही. हे मी घरी कुणाला बोलले नाही, आणि तुम्ही असता तर तुम्हालाही सांगितलं नसतं. हे तुमच्यापर्यंत पोचणार नाही, म्हणूनच लिहवलं.